डाव्या विंगेतली मंदाकिनी

आमच्या 'टिकली आणि काजवे' या संगीत बालनाट्याच्या जाहिरातीत मंदाकिनी आगटे हे नाव कधीच छापून आलं नाही. वर ठळक अक्षरांत लेखक-दिग्दर्शक दिगंबर आगटे, खाली संगीत, नृत्य, नेपथ्य, आणि अगदी तळाला, भिंग घेऊन शोधावं लागेल अशा टायपात, प्रकाश : जयसिंग. तो जयसिंग मी. दिवसा वीज मंडळात नोकरी करून लोकांच्या घरी उजेड पोचवायचा आणि सुट्टीच्या दिवशी नाट्यगृहात जाऊन वेळेवर अंधार करायचा, असं माझं आयुष्य गेलं. दिगंबर माझा मित्र, म्हणून मंदाकिनी माझ्या वहिनी. त्या कसब्यातल्या एका प्राथमिक शाळेत शिकवायच्या. नाटकात त्यांना एकच काम होतं, आणि ते प्रेक्षकांना दिसू नये हीच त्या कामाची अट होती.

नाटक सांगायला सोपं आहे. टिकली नावाची गावातली मुलगी. रानातल्या काजव्यांचा उजेड हरवतो, म्हणून ती आपला दिवा घेऊन त्यांच्या मदतीला जाते. मध्ये भरपूर गाणी, नाच, एक आळशी घुबड आणि पोरांना हसवणारा बेडूक. काजव्यांना उजेड परत मिळतो, पण तो टिकावा तर टिकलीला तिच्या दिव्यासकट रानातच राहावं लागणार असतं. मग ती आईचा निरोप घेते आणि 'दार लावू नकोस आई, मी अंधारात दिसेन' हे गाणं म्हणत हळूहळू डाव्या विंगेकडे चालत जाते. मी उजव्या विंगेत डिमरच्या पेटीवर बसून एकेक लाइट उतरवत आणायचो. शेवटी तिच्या मुठीतला पिवळा कागद लावलेला बल्ब तेवढा दिसायचा. तोही विंगेत शिरून विझला की मिट्ट काळोख. मुलं टाळ्या वाजवायची आणि आया पदराने डोळे पुसायच्या. मुलांच्या नाटकात हे असलं कशाला घालता, म्हणून बाहेर पडताना दिगंबरला दोन शब्द सुनावणाऱ्या बायका पुढच्या मे महिन्यात धाकट्याला घेऊन पुन्हा पहिल्या रांगेत हजर असायच्या. पुण्यात तक्रार करण्यासाठीसुद्धा लोक तिकीट काढतात.

प्रेक्षकांना जे सुंदर दिसतं, ते विंगेत बहुतेक वेळा घातकी असतं. टिकलीचे डोळे दिव्याकडे बघून दिपलेले, आणि विंगेत दोरखंड, वजनं, काजव्यांच्या टोपल्या. पहिल्याच प्रयोगात ती पोरगी अंधारात धडपडली आणि हनुवटी फोडून घेतली. विंगेत साधी मेणबत्ती लावायचीही सोय नव्हती, कारण तेवढ्यानेही माझा काळोख फुटला असता. कोणीतरी तिला अंधारात धरायला हवं होतं. वहिनी म्हणाल्या, "मी थांबते."

तेव्हापासून दर प्रयोगाला त्या डाव्या विंगेत गुडघे टेकून बसू लागल्या. अंगावर पांढरं पातळ, म्हणजे पोरीला काळोखात काहीतरी पांढरं दिसावं. हात पुढे पसरलेले. टिकली विंगेत शिरली की सरळ त्यांच्या कुशीत. मग टाळ्या सुरू व्हायच्या आधीच्या शांततेत मला पलीकडून बारीक आवाजात ऐकू यायचं.

"आलीस?"

"आले."

दर दोन वर्षांनी टिकली बदलायची, कारण पोरी उंच होतात. पण हे दोन शब्द कधी बदलले नाहीत. नव्या टिकलीला चाल, गाणं, दिवा धरणं दिगंबर शिकवायचा आणि 'आले' म्हणायला वहिनी. मी तो काळोख ठरलेल्यापेक्षा जरा जास्त लांबवायचो. दिगंबर त्यावरून माझ्यावर डाफरायचा. मी म्हणायचो, डिमर जुना झालाय.

आता काळोख का लांबवायचो, ते सांगतो. आमच्या मंडळींत ते सगळ्यांना माहीत होतं आणि कोणी कधी उच्चारत नसे. कादंबरी ही या दोघांची एकुलती एक मुलगी सात वर्षांची असताना मेंदूज्वराने गेली. फार बडबडी, आणि अंधाराला तेवढीच भित्री. रात्री पाणी प्यायला उठली तरी तिला हातात बॅटरी लागायची. ती गेल्यानंतर वर्षभर दिगंबरने लेखणीला हात लावला नाही, आणि लावला तेव्हा हे नाटक लिहिलं. अंधारात जाणाऱ्या मुलीच्या हातात त्याने दिवा दिला. बापाला याहून जास्त काय करता येणार होतं?

पहिलं वाचन त्यांच्या नव्या पेठेतल्या घरी झालं. शेवटच्या पानाला वहिनी उठून स्वयंपाकघरात गेल्या आणि घासून ठेवलेली भांडी पुन्हा घासत बसल्या. वाचन संपल्यावर ओल्या हातांनीच दारात येऊन म्हणाल्या, "अहो, शेवटी परत आणा ना तिला."

"खोटं लिहू?" दिगंबर म्हणाला.

"नाटकच आहे ना? काजवे बोलतात ते काय खरं आहे?"

"ते सगळं खोटं चालेल. एवढं नाही."

आम्ही चपला शोधायला लागलो. पण हे भांडण त्या दिवशी संपलं नाही. ते त्या घरात आयुष्यभर नांदलं. मे महिना आला, तालमी सुरू झाल्या, की चहा देताना वहिनी एकदा विचारायच्या, "यंदा तरी?" दिगंबर नाही म्हणून मान हलवायचा. मग त्या कपाटातून पांढरं पातळ काढून धुवायला टाकायच्या.

वर्षं गेली. नाट्यगृहाबाहेर सायकली लागायच्या तिथे स्कूटर लागू लागल्या, मग गाड्या. घरोघरी केबल आली. मे महिन्याच्या सुट्टीत पोरांना कॉम्प्युटरचे क्लास लागले आणि नाटकाच्या तालमीला मूल पाठवायचं म्हणजे आईबाप घड्याळ बघून विचारू लागले, "याचा पुढे उपयोग काय?" आमच्या जुन्या टिकल्या इंजिनिअर होऊन अमेरिकेत गेल्या. एकीने तिथून वहिनींना लग्नाचा फोटो पाठवला होता. तो त्यांनी देवघराशेजारी लावला. दिगंबर त्या सगळ्या धामधुमीत एका दुपारी वर्तमानपत्र वाचता वाचता गेला. हृदय बंद पडलं. नाटक वहिनींनी चालू ठेवलं, वर्षाला कसेबसे चार-दोन प्रयोग. मी सेवानिवृत्त झालो होतो, गुडघे कुरकुरत होते, पण पेटी उचलून जात होतो. 'यंदा तरी' असं ज्याला विचारायचं तो आता नव्हता, आणि वहिनींनी स्वतःहून नाटकाचा एक शब्द बदलला नाही. मी एकदा विचारलं तर म्हणाल्या, "ते असताना बदललं नाही, आता त्यांच्या माघारी काय लबाडी करायची?"

मग आमोद आला. हा लहानपणी आमच्याकडे काजवा होता. मागच्या रांगेतला, कारण त्याला पावलं लक्षात राहायची नाहीत. पुढे सॉफ्टवेअरमध्ये शिरला, अमेरिकेत राहून परतला, हिंजवडीत मोठ्या हुद्द्यावर होता. आता त्याने आणि त्याच्या दोस्तांनी नोकऱ्या सोडून सिनेमा काढायचं ठरवलं होतं. वहिनींच्या घरी तो घामाघूम होऊन पोचला, कारण गाडी लावायला जागा शोधत त्याने पेठेला तीन चकरा मारल्या होत्या. वहिनींना वाकून नमस्कार केला. पोरगा वाईट नव्हता, हे मी कबूल करतो.

"काकू, मी लाइफमध्ये पहिल्यांदा रडलो ते या नाटकात. पाच वर्षांचा असताना. मला हे माझ्या मुलाला दाखवायचंय, सगळ्या मुलांना दाखवायचंय. स्टोरी तीच, साँग्ज तीच. फक्त एंड..."

"एंडचं काय?" मी विचारलं.

"काका, फॅमिली फिल्म आहे. वीकेंडला आईबाप मुलांना घेऊन येणार. पोरगी जाते असं दाखवून त्यांना घरी कसं पाठवायचं? आम्ही असं लिहिलंय की काजवे टिकलीला परत घरी सोडतात. आई दार उघडते, टिकली धावत येऊन मिठी मारते. हॅपी एंड."

"वा," मी म्हणालो. "तू ज्याला रडलास तेच काढून टाकतोस. मग नाव तरी आमचं कशाला ठेवतोस? तेही बदल."

वहिनी त्याच्याकडे बघत होत्या. मला वाटलं, आता शाळामास्तरणीच्या पद्धतीने दोन वाक्यांत त्याची बोळवण करतील. त्यांनी विचारलं, "आई दार उघडते म्हणालास. म्हणजे तिने लावून घेतलं होतं का?"

आमोदला प्रश्नच कळला नाही.

"दार लावू नकोस, असं टिकली सांगून गेलीय. मग आई कशी लावेल? उघडंच असायला हवं."

"हो... हो काकू. उघडं ठेवू."

"मग करा," वहिनी म्हणाल्या, आणि चहा ठेवायला आत गेल्या.

आमोद गेल्यावर मी फार बोललो. आज त्याची लाज वाटत नाही, कारण मला तेव्हा खरंच संताप आला होता. म्हटलं, "दिगंबरने आयुष्यभर जे सांभाळलं ते तुम्ही एका चहात देऊन टाकलंत. तो असता तर..."

"ते असते तर मला कोणी विचारलं नसतं, भावजी," त्या म्हणाल्या. "आजवर विचारलं नाहीच. मुलगी काय एकट्या त्यांची होती? एवढी वर्षं दर खेळाला तिला जाताना बघितली. मला एकदा तिला परत आलेली बघायचीय. कोणाला खोटं वाटू दे, नाहीतर काही वाटू दे."

मी चपला घातल्या.

चित्रीकरण हडपसरच्या बाजूला एका गोदामात होतं. टिकलीचं अख्खं घर त्यात उभं केलं होतं, तुळशीवृंदावनासकट. टिकली झाली होती राजनंदिनी नावाची चुणचुणीत पोरगी, जिने आधी बिस्किटाच्या जाहिराती केल्या होत्या. शेवटच्या दृश्याच्या दिवशी आमोदने वहिनींना गाडी पाठवली, सोबत मी. कॅमेऱ्यातलं चित्र दिसतं त्या छोट्या पडद्यासमोरची खुर्ची त्यांना दिली. राजनंदिनी उघड्या दारातून धावत आली आणि सिनेमातल्या आईच्या गळ्यात पडली. कोणीतरी 'कट' म्हणालं. मग पुन्हा. कधी दिवा विझला, कधी आईचा पदर सुटला, कधी मागून ट्रकचा हॉर्न आला. पोरगी बाहेर जायची आणि परत घरी यायची. मी कंटाळून बाहेर बिडी ओढून आलो. वहिनी जागच्या हलल्या नव्हत्या. गाडीत बसल्यावर गालात हसत म्हणाल्या, "एका दिवसात कितीदा आली हो!" त्यांना तसं हसताना मी कादंबरी गेल्यापासून बघितलं नव्हतं.

सिनेमा चालला. चांगला चालला. माझ्या मते तो शाम्पूच्या जाहिरातीसारखा झाला होता, अख्ख्या सिनेमात दोन क्षण धड काळोख नाही. पण शेवटाला सगळं थिएटर टाळ्या वाजवायचं, आणि माझ्या शेजारी वहिनी तोंडाला पदर लावून रडायच्या, आनंदाने. पेन्शनरांचा पास घेऊन त्या बसने दूरदूरच्या मॉलमध्ये एकट्या तो सिनेमा बघायला जायच्या. कुणी विचारलं तर सांगायच्या, "आमची टिकली आलीय ना तिथे."

मीही मग नाक मुरडणं सोडून दिलं. दिगंबरच्या फोटोला मनात म्हटलं, बाबा रे, हरलास.

पुढच्या डिसेंबरात हिंजवडीच्या एका कंपनीकडून बोलावणं आलं. कर्मचाऱ्यांच्या कुटुंबांसाठी त्यांचा वार्षिक मेळावा होता, आणि त्यांना 'त्या पिक्चरचं नाटक' हवं होतं. पस्तीस वर्षं चाललेलं नाटक आता पिक्चरचं नाटक झालं होतं. बोलणी करायला प्रियदर्शनी नावाची मुलगी आली, नागपूरकडची, फार गोड बोलणारी.

"काकू, एंडिंग मात्र मूव्हीवालंच ठेवा हं, प्लीज. किड्स अपसेट होतात."

"तेच ठेवू," वहिनी म्हणाल्या.

तालमी शाळेच्या वर्गात झाल्या. बाकं बाजूला सरकवून खडूने रंगमंच आखलेला, विंगा नाहीतच. वहिनी समोर खुर्चीवर बसून नव्या टिकलीला शिकवत होत्या : गाणं म्हणत इथपर्यंत ये, इथे थांब, काजव्यांनी दिवा ओवाळला की वळ आणि धावत मध्यभागी आईकडे. कुठे वळायचं ती खूणही त्यांनी स्वतःच्या हाताने काढली. 'आले' म्हणायला तेवढं शिकवलं नाही. शिकवण्याचं कारणच नव्हतं, आणि आम्हा कोणाच्या ते ध्यानातही आलं नाही.

कंपनीचं सभागृह झकपक होतं. लाइटसाठी मागे काचेची खोली होती. मी म्हटलं, मला तिथून काही सुधरणार नाही, मी माझी पेटी घेऊन उजव्या विंगेतच बसणार. त्यांनी म्हाताऱ्याचा हट्ट म्हणून चालवून घेतलं. नाटक रंगलं. बेडकाला टाळ्या, घुबडाला शिट्ट्या. सगळी गाणी पोरांना सिनेमामुळे पाठ होती.

शेवटचं गाणं सुरू झालं. 'दार लावू नकोस आई'. टिकली डाव्या विंगेकडे चालू लागली. माझे हात सवयीने लाइट उतरवत होते. ती खुणेवर थांबली, काजव्यांनी ओवाळलं, ती वळली, आणि ठरल्याप्रमाणे मी सगळे लाइट एकदम चढवले. रंगमंच लखलखला. टिकली आईच्या गळ्यात पडली. प्रेक्षक उठून उभे राहिले.

आणि मला समोर डावी विंग दिसली. इतक्या वर्षांत त्या क्षणी तिथे कधी उजेड नसायचा, माझ्याच हाताने केलेला काळोख असायचा. त्यामुळे वहिनी तिथे कशा बसतात, हे मी कधी बघितलंच नव्हतं. त्या गुडघे टेकून बसल्या होत्या. अंगावर पांढरं पातळ होतं. हात पुढे पसरलेले, बोटं थोडी वाकलेली, आणि चेहरा असा, की आता या क्षणी कोणीतरी येणार आहे. शेवट बदललाय हे त्यांना माझ्याहून जास्त ठाऊक होतं. तरी गाणं सुरू झाल्यावर त्यांचे पाय त्यांना तिथे घेऊन गेले होते. टिकली त्यांच्याकडे पाठ करून रंगमंचाच्या मध्यभागी दुसऱ्या बाईच्या मिठीत होती.

मला ते बघवेना. मी पेटीचे सगळे दांडे एकदम खाली ओढले.

गडद काळोख झाला. लोकांना वाटलं लाइट गेले. एवढ्या मोठ्या कंपनीतही लाइट जातात म्हणून कोणीतरी हसलं, मग क्षणभर शांत झालं. त्या शांततेत पलीकडून आवाज आला, बारीक, नेहमीसारखा.

"आलीस?"

उत्तर आलं नाही. प्रेक्षकांत एकेक मोबाइल उजळू लागला. मी दांडे वर केले तेव्हा वहिनी उठून पातळाच्या निऱ्या झटकत होत्या.

परतीला कंपनीने बस दिली होती. वहिनी खिडकीशी, मी शेजारी. पुढच्या सीटवर टिकली झालेली पोरगी रंग न पुसताच आपल्या आईच्या मांडीवर झोपली होती. बराच वेळ वहिनी तिच्याकडे बघत राहिल्या. मला बोलता येत नाही, फार तर ओरडता येतं.

"भावजी," त्या म्हणाल्या, "यांच्याशी मी जन्मभर भांडले हो. परत आणा, परत आणा म्हणून जीव खाल्ला त्यांचा. ते कधी बोलले नाहीत."

"काय?"

"टिकली लोकांसमोरून जायची. पण जायची कुठे? माझ्याकडेच यायची ना? दर खेळाला त्यांनी ती माझ्याकडेच पाठवली. आणि मी तिला दुसऱ्यांच्या घरी धाडून दिली."

त्यांनी डोळे पुसले नाहीत, पाणी तसंच वाहू दिलं. हिंजवडीच्या चौकात गाड्या तुंबल्या होत्या आणि आमचा ड्रायव्हर उगाचच हॉर्न वाजवत होता. पुढच्या सीटवरची पोरगी दचकून जागी झाली, तिने इकडेतिकडे बघितलं, आणि आईच्या पोटात तोंड खुपसून पुन्हा झोपली.